आगगाडीला ‘नको’ म्हणणारं गाव

पाहुण्यांना आपल्या नेपरव्हिलचं कौतुक सांगताना आपण शाळा, रिव्हरवॉक आणि देशी दुकानं यांची नावं घेतो. स्टेशनचा उल्लेख झालाच तर ‘शिकागोला जायला गाडी आहे’ एवढ्यापुरताच! मी एम. एस. करून कन्सल्टिंगमध्ये शिरलो आणि बरीच वर्षं या स्टेशनावरून शिकागोचं युनियन स्टेशन गाठत आलो. त्या साडेअठ्ठावीस मैलांच्या प्रवासात वाचनाचा छंद लागला आणि या स्टेशनची कथा हाती लागली.

१८३१ साली कॅप्टन जोसेफ नेपर यांनी ही वस्ती वसवली. १८३९ मध्ये ड्युपेज काउंटी स्थापन झाली आणि नेपरव्हिल तिचं मुख्य ठाणं झालं. कोर्टकचेरी इथेच, बाजारपेठही इथेच. १८४८ मध्ये शिकागोहून ‘गॅलिना अँड शिकागो युनियन’ ही पहिली रेल्वे निघाली. ती इथून नेण्याचा विचार झाला, पण गावच्या पुढाऱ्यांचा जीव फळ्यांच्या रस्त्यात अडकला होता, असं स्थानिक इतिहास सांगतो. चिखलावर लाकडी फळ्या अंथरून केलेला हा टोलचा रस्ता. बैलगाड्या, घोडागाड्या येतील, खाणावळी चालतील, मग आगगाडी कशाला? शेजारच्या व्हीटन बंधूंनी मात्र रेल्वेला जमीन देऊ केली आणि १८४९ मध्ये गाडी तिकडून धावली. इकडे फळ्या थोड्याच वर्षांत कुजल्या.

आपल्याकडे बार्शीचं उदाहरण आठवतं. व्यापाराची एवढी मोठी पेठ, पण मुख्य लोहमार्ग तिला बगल देऊन कुर्डुवाडीवरून गेला. मग १८९७ मध्ये अडीच फुटी रुळांची बार्शी लाईट रेल्वे सुरू झाली, तेव्हा कुठे बार्शी मुख्य मार्गाशी जोडली गेली. रूळ कुठून जातात, यावर गावाचं नशीब ठरतं, ते असं.

नेपरव्हिलला दुसरी संधी मिळाली. पुढे ‘शिकागो, बर्लिंग्टन अँड क्विन्सी’ या नावाने ओळखल्या गेलेल्या कंपनीच्या गाड्या सुरुवातीला दुसऱ्यांचे रूळ भाड्याने घेऊन शिकागोत शिरत. कंपनीने स्वतःचा थेट मार्ग बांधला आणि १८६४ मध्ये गाडी आपल्या गावात आली. पण तोवर व्हीटन वाढलं होतं. १८६७ च्या मतदानात काउंटीचं ठाणं तिकडे गेलं. नेपरव्हिल दप्तर सोडेना, तेव्हा १८६८ मध्ये व्हीटनच्या मंडळींनी रात्री कचेरीवर धाड घालून बरीचशी कागदपत्रं पळवली! उरलेली सुरक्षिततेसाठी शिकागोला पाठवली, तर ती १८७१ च्या प्रचंड आगीत जळून गेली.

आज आपण पाहतो ती फोर्थ अव्हेन्यूवरची विटांची इमारत १९१० ची. रुळांलगत क्रोलर कंपनीचा भलामोठा फर्निचरचा कारखाना होता; आता तिथे अपार्टमेंट्स आहेत. १९५० मध्ये बर्लिंग्टनने याच मार्गावर दुमजली डबे आणले.

त्याआधी, २५ एप्रिल १९४६ रोजी दुपारी, इथे भीषण अपघात झाला. ‘ॲडव्हान्स फ्लायर’ ही गाडी तपासणीसाठी अचानक थांबली. त्याच रुळावर दोन-तीन मिनिटांच्या अंतराने मागून ‘एक्स्पोझिशन फ्लायर’ येत होती. ती वेळेत थांबू शकली नाही आणि ४५ माणसं गेली. क्रोलरचे कामगार आणि नॉर्थ सेंट्रल कॉलेजचे विद्यार्थी मदतीला धावले. त्यांच्या स्मरणार्थ २०१४ मध्ये स्टेशनजवळ रेल्वेच्या खिळ्यांतून घडवलेलं शिल्प उभं राहिलं.

या अपघातानंतर, १९४७ मध्ये, केंद्रीय आयोगाने आदेश काढला : ताशी ८० मैल किंवा त्याहून अधिक वेगाने गाडी न्यायची असेल, तर इंजिनातच सिग्नल दाखवणारी किंवा गाडी आपोआप थांबवणारी यंत्रणा हवी. खर्च टाळण्यासाठी बहुतेक कंपन्यांनी वेग ७९ वर आणला. अमेरिकेत अनेक मार्गांवर आजही ७९ ची मर्यादा दिसते, तिचं मूळ आपल्या गावात आहे! ड्रायव्हर चुकला तरी ब्रेक लावणारी संगणकीय यंत्रणा २००८ च्या कायद्याने सक्तीची झाली आणि ती देशभर बसायला २०२० उजाडलं. सॉफ्टवेअरच्या धंद्यात ‘हे फीचर पुढच्या रिलीजला बघू’ असं आपण सहज म्हणतो. इथे ‘पुढचं रिलीज’ ७४ वर्षांनी आलं.

हे आत्ताच सांगण्याला कारण आहे. एके काळी इथल्या पार्किंगच्या परवान्यासाठी लोक वर्षानुवर्षं प्रतीक्षा यादीत असत. २०२० नंतर आपल्यापैकी कित्येकांचं ऑफिस घरातच आलं आणि स्टेशनशी संबंध तुटला. गाड्या किती असाव्यात, स्टेशनभोवतीच्या जागेचं काय करावं, हे प्रश्न मात्र संपलेले नाहीत. अशा सभांना आपली मंडळी क्वचितच दिसतात. ‘आपण काय, बाहेरचे!’ ही सवय अजून सुटलेली नाही. पण आपली मुलं इथलीच आहेत. १८४८ च्या पुढाऱ्यांनी आपल्या खाणावळींचा हिशेब केला आणि त्याची किंमत पुढच्या पिढीने मोजली. आज गाडी आपल्याला लागत नसेल; मुलांना लागेल. पुढची सभा असेल तेव्हा दोन तास काढून जाऊया, आणि जाताना मुलांना ते खिळ्यांचं शिल्पही दाखवूया.