तळटीप : माघ पौर्णिमा

* दरेकशाजवळच्या कचारगडला गोंड भाविकांची यात्रा याच तिथीला भरते. महाराष्ट्रातले पंचांग अमान्त, तर मध्य प्रदेश-छत्तीसगडकडचे पौर्णिमान्त. शुक्ल पक्ष दोन्हींकडे एकाच महिन्याचा, म्हणून यात्रेच्या दिवसाबद्दल घोळ होत नाही, ही मोठी सोय. दुसऱ्या दिवशी मात्र आपल्याकडे माघ वद्य प्रतिपदा, तर पलीकडे फाल्गुन कृष्ण प्रतिपदा. महाशिवरात्र आपली माघातली, त्यांची फाल्गुनातली, रात्र एकच. बारा चांद्रमास सौर वर्षाला सुमारे ११ दिवस कमी पडतात, म्हणून अधिक महिना दोघेही धरतात. या पुस्तकातील सर्व तिथी अमान्त आहेत. सीमेपलीकडच्या वाचकांनी वद्य पक्षापुरता महिना एकाने पुढचा समजावा. — संपादक