पंतप्रधान नेमका कुणाचा? ऑस्ट्रेलियातल्या एका बंद खोलीची गोष्ट

जून २०१० ते ऑगस्ट २०१८ या आठ वर्षांत ऑस्ट्रेलियाचे पंतप्रधान पाच वेळा बदलले. त्यातला एकच बदल मतदारांनी केला. उरलेले चार कॅनबेराच्या संसदभवनात, बंद दाराआड झाले. आत शंभरेक माणसं, सगळी एकाच पक्षाची. थोड्या वेळाने दार उघडायचं, पक्षाचा माणूस बाहेर येऊन निकाल सांगायचा, आणि देशाला नवा पंतप्रधान मिळालेला असायचा.

बरं, देश काही कोसळत नव्हता. १९९१च्या मंदीनंतर थेट कोविड येईपर्यंत ऑस्ट्रेलियाने मंदी पाहिली नाही. तिथे १९२४पासून मतदान सक्तीचं आहे, त्यामुळे ‘लोक मतदानालाच येत नाहीत’ असंही म्हणता येत नाही. तरी पंतप्रधान टिकेना. असं का झालं हे समजून घ्यायला मी त्या खोलीचा इतिहास वाचत गेलो. वाचता वाचता ती मला फक्त खुर्चीच्या खेळाची गोष्ट वाटेनाशी झाली. संसदीय लोकशाही जिथे जिथे आहे तिथे लागू पडणारा एक प्रश्न तिच्यात आहे. पंतप्रधान कुणाचा असतो, लोकांचा की त्याच्या खासदारांचा?

नियम काय आहे

ऑस्ट्रेलियाची राज्यघटना १९०१ साली लागू झाली. तिच्यात ‘पंतप्रधान’ हा शब्दच नाही. लोक आपापल्या मतदारसंघातला खासदार निवडतात. कनिष्ठ सभागृहात ज्याच्यामागे बहुमत, तो पंतप्रधान, ही झाली प्रथा. आणि बहुमत असलेल्या पक्षाचा नेता कोण, हे ठरवायचं त्या पक्षाच्या दोन्ही सभागृहांतल्या सदस्यांनी. म्हणजे पंतप्रधानाला जनतेने थेट काही दिलेलंच नसतं. जे असतं ते सहकाऱ्यांनी दिलेलं, आणि सहकारी ते परत मागू शकतात.

हे मागणं म्हणजे ‘स्पिल’. पक्षाच्या बैठकीत ठराव येतो की नेतेपद रिकामं झालं असं जाहीर करा. ठराव मंजूर झाला की नव्याने मतदान. कनिष्ठ सभागृहाची मुदत जास्तीत जास्त तीन वर्षं. त्यामुळे निवडणूक कायम जवळच असते, आणि काठावर निवडून आलेला खासदार कायम घाबरलेला असतो.

आपल्याकडच्या वाचकाला इथे एक फरक लक्षात ठेवावा लागेल. महाराष्ट्रात मुख्यमंत्री बदलतो तेव्हा विधिमंडळ पक्षाची बैठक होते खरी, पण बऱ्याचदा निर्णय आधीच दिल्लीत झालेला असतो. आणि आमदारांना पक्षनेतृत्वाविरुद्ध जायचं असेल तर पक्षांतरबंदी कायदा, सुरत, गुवाहाटी असा सगळा प्रवास होतो, तो आपण २०२२मध्ये पाहिला. ऑस्ट्रेलियात नेत्याविरुद्ध मत देणारा खासदार पक्ष सोडत नाही. गुप्त मतदान करतो आणि त्याच पक्षात, त्याच बाकावर बसतो. नेता बदलण्याची किंमत तिथे फार कमी आहे.

जुनी उदाहरणं

ही प्रथा काही २०१०मध्ये सुरू झाली नाही. मार्च १९७१मध्ये लिबरल पक्षाचे पंतप्रधान जॉन गॉर्टन यांच्यावर त्यांचेच संरक्षणमंत्री माल्कम फ्रेझर यांनी राजीनामा देऊन संसदेत तोफ डागली. दुसऱ्या दिवशी पक्षाच्या बैठकीत गॉर्टन यांच्यावरच्या विश्वासदर्शक ठरावाला ३३ विरुद्ध ३३ मतं पडली. गॉर्टन म्हणाले, बरोबरीला विश्वास म्हणत नाहीत, आणि बाजूला झाले. पंतप्रधान झाले विल्यम मॅकमहन. पुढच्याच वर्षी त्यांचा गॉफ व्हिटलम यांनी पराभव केला आणि सलग २३ वर्षं चाललेली आघाडीची सत्ता संपली.

फ्रेझर हे नाव पुढेही येतं. १९७५मध्ये सिनेटने पैशाचं विधेयक अडवून धरलं, ११ नोव्हेंबरला गव्हर्नर जनरल जॉन कर यांनी व्हिटलम यांना बडतर्फ केलं आणि विरोधी पक्षनेते फ्रेझर यांना काळजीवाहू पंतप्रधान नेमलं. पंतप्रधान बाहेरून हटवण्याचा हा प्रकार एकदाच झाला, आणि तो अजून वादाचा विषय आहे. आतून हटवण्यावर मात्र कुणी घटनेचा आक्षेप घेत नाही.

१९८३चा प्रसंग तर एका दिवसात उरकला. फ्रेझर यांनी ३ फेब्रुवारीला निवडणूक जाहीर केली ती मजूर पक्षाचे बिल हेडन समोर असतील असं गृहीत धरून. त्याच दिवशी हेडन यांनी नेतेपद सोडलं आणि लोकप्रिय कामगार नेते बॉब हॉक पुढे आले. ५ मार्चला हॉक जिंकले.

हॉक यांनी चार निवडणुका जिंकल्या. १९८८मध्ये सिडनीच्या किरिबिली इथल्या निवासस्थानी त्यांनी अर्थमंत्री पॉल कीटिंग यांना दोन साक्षीदारांसमोर शब्द दिला होता की १९९०च्या निवडणुकीनंतर खुर्ची तुमची. शब्द पाळला गेला नाही. जून १९९१मध्ये कीटिंग यांनी आव्हान दिलं आणि ६६ विरुद्ध ४४ मतांनी हरले. ते मंत्रिमंडळ सोडून मागच्या बाकावर जाऊन बसले. डिसेंबरमध्ये पुन्हा उभे राहिले आणि ५६ विरुद्ध ५१ मतांनी जिंकले.

मला हे प्रकरण महत्त्वाचं वाटतं, कारण सगळं उघड होतं. मंदी होती, सरकार थकलं होतं, आव्हान देणारा कोण आणि त्याला काय हवंय हे सहा महिने सगळ्या देशाला दिसत होतं. १९९३च्या निवडणुकीत विरोधकांनी १५ टक्के जीएसटीचा प्रस्ताव मांडला, कीटिंग त्यावर तुटून पडले आणि हरलेली मानली गेलेली निवडणूक त्यांनी जिंकली.

आठ वर्षांची घसरण

आता २०१०. मजूर पक्षाचे केविन रड २००७मध्ये मोठ्या विजयाने आले होते. त्या निवडणुकीत अकरा वर्षं पंतप्रधान असलेले जॉन हॉवर्ड स्वतःच्या मतदारसंघातही पडले. फेब्रुवारी २००८मध्ये रड यांनी आदिवासींच्या ‘चोरलेल्या पिढ्यां’ची संसदेत माफी मागितली. हवामानबदल हे आपल्या पिढीपुढचं मोठं नैतिक आव्हान आहे, असं ते सांगत. पण कार्बन उत्सर्जनावर किंमत लावणारी त्यांची योजना सिनेटने दोनदा फेटाळली आणि एप्रिल २०१०मध्ये त्यांनी ती पुढे ढकलली. इतकं मोठं आव्हान पुढे कसं ढकलता येतं, हे लोकांना कळेना. लोकप्रियता घसरली.

२३ जूनच्या रात्री उपपंतप्रधान ज्युलिया गिलार्ड यांनी मतदान मागितलं. आपल्याकडे मतं नाहीत हे दिसल्यावर दुसऱ्या दिवशी सकाळी रड उभेच राहिले नाहीत. गिलार्ड बिनविरोध निवडून आल्या आणि देशाच्या पहिल्या महिला पंतप्रधान झाल्या. बहुतेक लोकांना हे सगळं घडून गेल्यावर कळलं.

इथेच, माझ्या मते, खरी चूक झाली. बदल करण्याचा हक्क पक्षाला होताच. पण कारण कुणी नीट सांगितलं नाही. सरकारची वाट चुकली होती, एवढंच मोघम सांगितलं गेलं. रड यांचं सहकाऱ्यांशी वागणं किती असह्य होतं, हे मंत्री उघडपणे बोलले ते २०१२मध्ये, रड यांनी परत आव्हान दिल्यावर. तोवर उशीर झाला होता. ऑगस्ट २०१०च्या निवडणुकीत कुणालाच बहुमत मिळालं नाही. तीन अपक्ष आणि एक ग्रीन खासदार यांच्या आधारावर गिलार्ड यांनी सरकार चालवलं. कार्बन कर आणणार नाही असं त्या निवडणुकीआधी म्हणाल्या होत्या. जुलै २०१२मध्ये कार्बनवर किंमत लागू झाली, आणि विरोधकांना हवं ते हत्यार मिळालं.

फेब्रुवारी २०१२मध्ये रड ७१ विरुद्ध ३१ मतांनी हरले. जून २०१३मध्ये ५७ विरुद्ध ४५ मतांनी जिंकले. सप्टेंबरमध्ये मतदारांनी दोघांचाही पक्ष घरी पाठवला आणि लिबरल पक्षाचे टोनी अ‍ॅबट आले.

अ‍ॅबट यांनी मजूर पक्षाच्या या भांडणावर भरपूर टीका केली होती. फेब्रुवारी २०१५मध्ये त्यांच्याच पक्षात स्पिलचा ठराव आला. समोर उमेदवार कुणीच नव्हता, तरी ३९ जणांनी त्यांच्याविरुद्ध मत दिलं. सप्टेंबरमध्ये माल्कम टर्नबुल उभे राहिले आणि ५४ विरुद्ध ४४ मतांनी जिंकले. अ‍ॅबट न्यूजपोलच्या लागोपाठ ३० जनमत चाचण्यांत मागे आहेत, हे कारण त्यांनी स्वतः दिलं. त्यांनी ही मोजपट्टी स्वतःसाठीच तयार करून ठेवली होती. एप्रिल २०१८मध्ये त्यांच्या सरकारनेही ३०चा आकडा गाठला.

ऑगस्ट २०१८चा तो आठवडा वाचताना दमायला होतं. मंगळवारी पीटर डटन टर्नबुल यांच्याविरुद्ध ४८–३५ असे हरले. शुक्रवारी स्पिलचा ठराव ४५–४० ने मंजूर झाला आणि टर्नबुल बाजूला झाले. मग डटन, स्कॉट मॉरिसन आणि ज्युली बिशप यांच्यात लढत झाली, आणि शेवटच्या फेरीत मॉरिसन यांनी डटन यांना ४५–४० ने हरवलं. ज्यांनी उठाव केला त्यांना खुर्ची मिळाली नाही. टर्नबुल यांनी खासदारकी सोडली, पोटनिवडणुकीत त्यांची सुरक्षित मानलेली जागा एका अपक्ष महिलेने जिंकली आणि सरकारचं बहुमत गेलं.

खोलीबाहेर काय गेलं

या सगळ्या नावांच्या गर्दीत एक धागा सुटता कामा नये. टर्नबुल विरोधी पक्षनेते असताना २००९मध्ये अ‍ॅबट यांच्याकडून ४२ विरुद्ध ४१ मतांनी हरले ते कार्बन योजनेला पाठिंबा दिल्यामुळे. रड घसरले ती योजना ढकलल्यामुळे. गिलार्ड यांना जखम झाली ती योजना आणल्यामुळे. अ‍ॅबट यांनी ती २०१४मध्ये रद्द केली. टर्नबुल दुसऱ्यांदा गेले तेव्हाही ठिणगी होती ती ऊर्जा धोरणातल्या उत्सर्जनाच्या उद्दिष्टाची. कोळसा निर्यात करणाऱ्या, वणवे आणि दुष्काळ भोगणाऱ्या देशाने हवामानाच्या प्रश्नावर सुमारे दहा वर्षं अशी घालवली. नेत्याला हटवायला एक सकाळ पुरते. धोरणाला टिकायला वर्षं लागतात, आणि तेवढा वेळ कुणालाच मिळाला नाही.

मग दाराला कडी घातली

दोन्ही पक्ष शहाणे झाले, पण वेगवेगळ्या तऱ्हेने. २०१३मध्ये रड यांनी मजूर पक्षात नियम आणला: पदावर असलेल्या पंतप्रधानाला हटवायचं तर ७५ टक्के खासदारांच्या सह्या हव्यात. नेता निवडताना अर्धं वजन खासदारांचं आणि अर्धं साध्या सभासदांचं. त्याच वर्षी झालेल्या पहिल्या निवडीत सभासदांनी अँथनी अल्बनीझी यांना साधारण ६० टक्के मतं दिली, पण खासदार बिल शॉर्टन यांच्यामागे होते आणि शॉर्टन नेते झाले. लिबरल पक्षाने डिसेंबर २०१८मध्ये निवडणूक जिंकलेल्या पंतप्रधानाला हटवायला दोन तृतीयांश मतांची अट घातली.

कडीचा उपयोग झाला. मॉरिसन २०१९ची निवडणूक जिंकले आणि पुढच्या निवडणुकीपर्यंत टिकले. हॉवर्ड यांच्यानंतर हे कुणालाच जमलं नव्हतं. पण मे २०२२मध्ये ते हरले आणि ऑगस्टमध्ये एक वेगळीच गोष्ट बाहेर आली. कोविडच्या काळात मॉरिसन यांनी गुपचूप पाच खात्यांचे मंत्री म्हणून स्वतःची नेमणूक करून घेतली होती. त्यांच्या अर्थमंत्र्यांनाही हे ठाऊक नव्हतं. नोव्हेंबरमध्ये संसदेने ८६ विरुद्ध ५० मतांनी त्यांच्या निषेधाचा ठराव केला.

नियम बदलल्यामुळेच हे झालं असं मी म्हणत नाही. पण या दोन गोष्टी शेजारी ठेवल्या की ‘स्थैर्य’ हा शब्द मी जरा जपून वापरतो. सहकाऱ्यांना घाबरणारा पंतप्रधान काम करू शकत नाही, हे आठ वर्षांनी दाखवलं. सहकाऱ्यांना काही सांगायची गरज न वाटणारा पंतप्रधान काय करू शकतो, हे त्या पाच खात्यांनी दाखवलं.

मला जे पटतं ते असं. पंतप्रधान खासदारांचाच असतो, ते त्याला हटवूही शकतात, आणि तो हक्क राहायला हवा. पण पोस्टरवर एकाच माणसाचा चेहरा लावून मतं मागितली असतील, तर तो चेहरा उतरवताना कारण उघडपणे, आधी आणि नावानिशी सांगायला हवं. १९९१मध्ये लोकांना ते दिसलं होतं. २०१०मध्ये दिसलं नाही.

मे २०२५मध्ये अल्बनीझी १५०पैकी ९४ जागा घेऊन परत निवडून आले. लागोपाठ दोन निवडणुका जिंकणारे हॉवर्ड यांच्यानंतरचे ते पहिलेच पंतप्रधान. समोरचे नेते होते तेच पीटर डटन, आणि ते स्वतःच्या जागेवरही हरले. २०१८मध्ये बंद खोलीत त्यांचा निकाल ४० मतांवर लागला होता. या वेळी तो डिक्सन मतदारसंघाच्या मतदारांनी लावला.