पावणेदोनातली वजाबाकी

साडेतीनातून पावणेदोन गेले तर उरले किती? ज्याने औटकी, म्हणजे साडेतीनचा पाढा, पाठ केली आहे तो 'पावणेदोन' म्हणून मोकळा होईल. शाळेतला मुलगा मात्र आधी ७/२ आणि ७/४ लिहील, छेद समान करील, १४/४ मधून ७/४ काढील आणि मग तिथेच पोचेल. चूक कोणाचीच नाही. पहिल्याचं अर्धं काम शब्दांनीच करून ठेवलेलं असतं, एवढंच.

'पाऊण' म्हणजे मूळचा 'पादोन': पाद अधिक ऊन, चतुर्थांशाने कमी. 'पावणेदोन' म्हणजे पावाने उणे दोन. हेच 'ऊन' एकोणीस-एकोणतीसमध्ये बसलेलं आहे आणि पुस्तकातल्या 'उणे' चिन्हातही. खुद्द 'वजाबाकी' मात्र फारसीच्या वाटेने आलेली. तिचे 'वजा' आणि 'बाकी' हे दोन्ही तुकडे अरबी.

'अडीच' आणखी मजेदार. संस्कृत अर्धतृतीय, प्राकृत अड्ढाइज्ज, मराठी अडीच. अर्थ असा, की दोन पुरते झाले आणि तिसरा अर्धाच आहे. दीडही याच जातीचा: द्व्यर्ध, प्राकृतात दिवड्ढ. जर्मन माणूस दीडला 'आंडरटहाल्ब' म्हणतो, तेही 'दुसरा अर्धा' असंच. पुढचा आकडा गाठायला किती कमी पडतं, यावर या शब्दांची नजर. साडेतीनलाही असाच शब्द होता, अर्धचतुर्थावरून आलेला 'औट'. आता तो पाढ्याच्या नावात आणि 'औट घटकेचं राज्य' या वाक्प्रचारात तेवढा उरलाय. घटका २४ मिनिटांची, म्हणजे हे राज्य अवघं ८४ मिनिटांचं! औटाची जागा घेणारा 'साडे' हा 'सार्ध', अर्ध्यासह. तो बेरीज करतो. 'सव्वा'ही तसाच, सपाद. पण 'साडेदोन' कोणी म्हणत नाही. तिथे अडीच अजून ठाण मांडून बसला आहे.

हे दोन्ही रस्ते भास्कराचार्यांना ठाऊक होते. ११५० च्या 'लीलावती'त पूर्णांकात भाग मिळवण्याला 'भागानुबंध' आणि वजा करण्याला 'भागापवाह' अशी नावं आहेत. सव्वादोन हा भागानुबंध, पावणेदोन हा भागापवाह. छेद समान करण्याला तिथे 'समच्छेद' शब्द आहे. त्याआधी नवव्या शतकात महावीराचार्यांच्या 'गणितसारसंग्रहा'त अपूर्णांकांचं प्रकरण 'कलासवर्ण' या नावाने येतं. 'सवर्ण' म्हणजे एका रंगाचे, एका जातीचे. आज या शब्दाला समाजात जो वास येतो तो गणितात नव्हता. निरनिराळ्या छेदांचे भाग एका जातीत आणल्याशिवाय त्यांची देवघेव होत नाही, इतकाच मुद्दा. मला 'समच्छेद'पेक्षा हाच शब्द आवडतो. छेद का समान करायचे, हे तो सांगून जातो.

पाव, अर्धा, पाऊण या मंडळींना सवर्णन फारसं लागत नाही. अर्ध्यात दोन पाव मावतातच. पंचाईत होते ती तृतीयांश आला की. तीन पूर्णांक एक तृतीयांशाला सुटसुटीत नाव नाही. त्यातून पावणेदोन काढायचे तर बारा हा छेद घ्यावा लागतो, ४०/१२ मधून २१/१२ जातात, आणि उरलेल्या १९/१२ ला म्हणावं लागतं 'एक पूर्णांक सात छेद बारा'. वाण्याच्या दुकानात हे असं कोणी मागत नाही.