एका ‘किंवा’चा इतिहास

इंदूरच्या सियागंजात किराण्याचा घाऊक व्यापार चालतो. भाव घासाघिशीने ठरतो आणि सौदा पटला नाही तर विकणारा ‘नाही’ म्हणून मोकळा होतो. सरकार खासगी जमीन घेते तेव्हा मालकाचा नेमका हाच हक्क प्रथम जातो. भाव घेणारा ठरवतो आणि कोणत्या तारखेचा भाव धरायचा हेही घेणाऱ्याच्याच अधिसूचनेवर अवलंबून असते. नकाराचा हक्क गेल्यावर मालकापाशी काय उरते, हा प्रश्न आमच्या महसूल खात्यातील नोकरीत नित्य समोर येत असे. त्याचे उत्तर सर्वोच्च न्यायालयात ज्या निकालाने बरेचसे ठरले, त्याच्या शीर्षकात आमच्या इंदूरचेच नाव आहे.

सियागंज रेल्वे स्थानकालगत आहे आणि भूसंपादनाच्या कायद्याचा इतिहासही रेल्वेशी जोडलेला आहे. खंडवा-इंदूर मार्गासाठी तुकोजीराव होळकर (दुसरे) यांनी 1870 साली एक कोटी रुपये साडेचार टक्के व्याजाने, 101 वर्षांच्या मुदतीने कर्जाऊ दिले. संस्थानातील जमीनही विनामूल्य दिली. त्याच 1870 साली ब्रिटिश हिंदुस्थानात भूसंपादनाचा दहावा कायदा झाला. त्यापूर्वीच्या 1857 च्या कायद्यात किमतीचा वाद लवादापुढे जात असे. 1870 पासून तो दिवाणी न्यायालयाकडे गेला. 1894 च्या पहिल्या कायद्याने कलेक्टरचा निवाडा हाच पाया मानला आणि मालकाने मागणी केली तरच प्रकरण न्यायालयाकडे पाठवण्याची तजवीज कलम 18 मध्ये ठेवली. म्हणजे भांडता येत होते ते किमतीवर. जमीन मुळात घ्यावी की नाही यावर मालकाचे म्हणणे ऐकण्याची तरतूदच नव्हती.

त्याचा अर्थ काय होतो हे मुळशीच्या मावळ्यांना 1921 साली कळले. टाटांच्या वीजप्रकल्पाच्या धरणासाठी सरकारने याच कायद्याचा आधार घेतला आणि सेनापती बापटांना सत्याग्रहाचा मार्ग धरावा लागला. आक्षेप घेण्याचा व सुनावणीचा हक्क कायद्यात कलम 5-अ म्हणून आला तो 1923 साली. पण ‘तातडीचे’ कलम 17 लावले की तोही टाळता येई. हे कलम प्रशासनाला किती प्रिय होते, ते कचेरीत वावरलेल्यांना सांगायला नको!

स्वातंत्र्यानंतर मालमत्ता हा मूलभूत हक्क झाला. भरपाई किती ‘पुरेशी’ असावी यावर संसद आणि न्यायालय यांची पंचवीस वर्षे ओढाताण चालली आणि 1978 च्या 44 व्या घटनादुरुस्तीने तो हक्क मूलभूत हक्कांतून काढून अनुच्छेद 300-अ मध्ये ठेवला. कायद्याच्या आधाराविना कोणाचीही मालमत्ता हिरावता येणार नाही, एवढेच ते म्हणते. तेव्हापासून मालकाचा हक्क कार्यपद्धतीत राहिला : अधिसूचना, आक्षेप, घोषणा, निवाडा, ताबा, पैसे. एखादी पायरी चुकली तरच त्याला बोलायला जागा.

मराठीत आपण भूसंपादन, निवाडा, ताबा म्हणतो. मध्य प्रदेशच्या कागदांवर भू-अर्जन, अवॉर्ड आणि कब्जा. शब्द कोणतेही असोत, घोळ असतो तो ताब्याचा. शेतात गहू उभा असतो, विहिरीवर मोट नाही तरी पंप चालू असतो आणि फाइलीत पटवाऱ्याच्या व दोन पंचांच्या सह्यांनिशी कब्जा घेतल्याचा पंचनामा असतो. असे पंचनामे आम्ही अनेक पाहिले. पैशाचेही तसेच. रक्कम सरकारी खजिन्यात पडून असते. मालकाच्या हातात दमडी नसते.

1 जानेवारी 2014 पासून लागू झालेल्या 2013 च्या नव्या कायद्याने या दुखण्यावरच बोट ठेवले. कलम 24(2) म्हणाले : जुन्या कायद्याखालचा निवाडा होऊन पाच वर्षे वा अधिक काळ लोटला असेल आणि प्रत्यक्ष ताबा घेतला नसेल किंवा भरपाई दिली नसेल, तर ते संपादन रद्द ठरेल. त्याच महिन्यात, 24 जानेवारीला, पुणे महानगरपालिकेच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींनी खजिन्यात ठेवलेली रक्कम म्हणजे ‘दिलेली’ भरपाई नव्हे, असा निर्णय दिला. देशभर जुन्या प्रकरणांचे बांध फुटले. 2018 साली इंदूर विकास प्राधिकरणाच्या एका प्रकरणात दुसऱ्या तीन न्यायमूर्तींनी, दोन विरुद्ध एक अशा मतांनी, पुण्याचा निर्णयच चुकीचा ठरवला. समान संख्येच्या पीठाने असे करावे की नाही, यावर वाद झाला आणि प्रश्न पाच न्यायमूर्तींच्या पीठाकडे गेला.

6 मार्च 2020 रोजी इंदूर विकास प्राधिकरण विरुद्ध मनोहरलाल या प्रकरणात न्या. अरुण मिश्रा यांच्या अध्यक्षतेखालील पीठाने एकमताने निकाल दिला. कलमातील ‘किंवा’ हा ‘आणि’ समजून वाचावा : ताबाही नाही आणि भरपाईही नाही, तरच संपादन रद्द. पंचनामा हा ताब्याचा पुरेसा पुरावा. त्यानंतर जमीन शासनात निहित होते आणि तेथे राहणारा मूळ मालक अतिक्रमक ठरतो. देऊ केलेली भरपाई ज्याने नाकारली, त्याने ‘मिळाली नाही’ म्हणून रद्दबातलाची मागणी करू नये.

शासनाच्या बाजूने विचार केला तर यात तथ्य आहे. रस्ता बांधून झाल्यावर खालची जमीन परत मागितली तर नगररचनाच कोसळेल. काही मालक मुद्दाम मोबदला नाकारून दर वाढण्याची वाट पाहत, हेही खरे. पण आमच्या मते ‘किंवा’चा ‘आणि’ करताना किंमत मोजली ती मालकाने. कारण ताबा आणि पैसे या दोन्ही गोष्टी शासनाच्या हातातल्या; कागदावर एक पुरी केली की दुसरीची घाई उरत नाही. मालकाला मग उरते ते व्याज : जुन्या कायद्यानुसार पहिल्या वर्षी नऊ आणि पुढे पंधरा टक्के.

यानंतर 16 मे 2024 रोजी कोलकाता महानगरपालिकेच्या प्रकरणात न्यायालयाने अनुच्छेद 300-अ मध्ये सात हक्क सामावले आहेत असे सांगितले : सूचना, सुनावणी, सकारण निर्णय, सार्वजनिक प्रयोजन, वाजवी मोबदला, प्रक्रिया कार्यक्षमतेने व मुदतीत चालवणे आणि शेवटी ती पूर्णत्वास नेणे. सातव्याचा अर्थ असा की केवळ मोबदला देऊन शासनाला थांबता येत नाही. जमीन रीतसर निहित होईपर्यंत संपादन अपुरेच. सियागंजच्या भाषेत सांगायचे तर माल उचलल्याशिवाय सौद्याची वही बंद होत नाही.