काठावर पास

शाळेच्या ऑफिसात छत्तीस वर्षं काढली, त्यातली शेवटची बारा हेडक्लार्क म्हणून. या काळात सर्वांत जास्त वेळा कोणता शब्द लिहिला असेल तर तो 'पास'. त्याच्या खालोखाल 'नापास'. पास निळ्या शाईत, नापास लाल. निकालपत्रकाच्या लांबलचक कागदावर मे महिन्यात घामाचे थेंब पडायचे आणि लाल शाई तेवढी फुटायची. निळी का कोण जाणे, फुटायची नाही.

इतकी वर्षं हा शब्द मराठीच आहे असं मी धरून चाललो होतो. पाससाठी अर्ज, पास होऊन वरच्या वर्गात, परीक्षा पास झाल्याबद्दल अभिनंदन. इंग्रजीच्या सरांनी एकदा मधल्या सुट्टीत सांगितलं की हा शब्द मुळात लॅटिनमधल्या 'पाऊल' या अर्थाच्या शब्दावरून आला. पाऊल टाकून पुढं गेला तो पास. मला गंमत वाटली, कारण आमच्याकडं परीक्षेचा निकाल पावलांत कोणी मोजत नाही. आमच्याकडं तो पाण्यात मोजतात. थोड्याशा मार्कांनी सुटला तर 'काठावर पास'. सुटलाच नाही तर 'गटांगळ्या खाल्ल्या'. इंग्रजी शब्द रस्त्यानं चालत आला आणि मराठीत येऊन नदीत उतरला.

मी वाईचा, म्हणून मला तसं वाटत असेल असं कोणी म्हणेल. कृष्णेच्या काठी जन्म गेल्यावर माणसाला सगळीकडं नदी दिसणारच. पण जरा शब्द उलटून बघा. छापील प्रमाणपत्रावर पासला जो भारदस्त शब्द असतो तो 'उत्तीर्ण', म्हणजे तरून पलीकडं गेलेला. 'तीर्थ' त्याच धातूचा, मुळात अर्थ नदीतून पलीकडं जायची जागा. आमच्याच गावचे लक्ष्मणशास्त्री जोशी, ज्यांनी विश्वकोशाचं काम वाईत बसून उभं केलं, ते कलकत्त्याची परीक्षा देऊन 'तर्कतीर्थ' झाले आणि ती पदवी त्यांच्या नावाच्या आधीच कायमची बसली. पुन्हा नदीच.

आणि शास्त्र्यांचंच कशाला. पूल नव्हते तेव्हा लोक विचारायचे, 'नदीला उतार आहे का?' म्हणजे पायी जाता येईल इतकं पाणी आहे का. नावेतून पलीकडं जायचा तो उतारू. 'उतरणे' आणि 'उत्तीर्ण' हे एकाच घरचे. आता इंग्रजीकडं बघा, पासवरूनच पॅसेंजर, आणि पॅसेंजर म्हणजे आपला उतारू. पेपरात 'खालील उतारा वाचा' असतं, त्या उताऱ्याला इंग्रजीत पॅसेज. दोन भाषांनी एकमेकींना न विचारता हा हिशेब जुळवून ठेवला. माझ्या टेबलावर तर रोज उतारेच. जातीच्या दाखल्यासाठी, जन्मतारखेसाठी, वारसासाठी जनरल रजिस्टरचा उतारा काढून द्यायचा. म्हणून असेल, हा शब्द डोक्यातून गेला नाही.

'पास' या शब्दाआधी आमच्याकडं काय होतं? माझे आजोबा पंतोजींच्या शाळेत बसलेले. धूळपाटीवर बोटानं अक्षरं गिरवायची, मोडी वळवायची, पावकी, निमकी, दीडकी, औटकी पाठ करायच्या. साडेतीनचा पाढा येत नाही त्याला वाण्याच्या दुकानात कोणी उभं करत नसे. शेवटी परीक्षा अशी नव्हती. 'हात बसला', 'तयार झाला' असं म्हणायचे आणि पोरगं दुकानाच्या गादीवर किंवा कुलकर्ण्याच्या दप्तरापुढं जाऊन बसायचं. कोणाचा हात लवकर बसे, कोणाचा उशिरा. वर्ष संपलं म्हणून कोणाला थांबवून ठेवायचं कारण नव्हतं, मुळात वर्षाला इयत्ता नव्हती. पेशवाईत श्रावणमासाची दक्षिणा पुण्याला वाटत, तिथं विद्वानांची विद्या पाहून रक्कम कमी-जास्त होई. म्हणजे पारख होती, वरखाली होतं. पण एक रेघ मारून अलीकडचे आणि पलीकडचे असे दोन ढीग करायची पद्धत नव्हती.

ती रेघ आली मुंबई विद्यापीठाबरोबर. विद्यापीठ १८५७ चं, पहिली मॅट्रिक १८५९ मध्ये. त्या पहिल्याच खेपेला महादेव गोविंद रानडे आणि रामकृष्ण गोपाळ भांडारकर सुटले. १८६२ मध्ये पहिले चार बी. ए. झाले, त्यात हे दोघे, शिवाय बाळ मंगेश वागळे आणि वामन आबाजी मोडक. चारच! आज आमच्या तालुक्यातल्या एका कॉलेजात पदवीदान असलं की मांडव पुरत नाही. पण तेव्हा सगळ्या मुंबई इलाख्यात चार, आणि इलाखा म्हणजे सिंधपासून धारवाडपर्यंतचा मुलूख.

इथं मराठीनं एक खोडी केली. इंग्रजीत पासच्या उलट फेल. हिंदीवाल्यांनी तो जसाच्या तसा उचलला. आपण नाही उचलला. आपल्याकडं नाराज, नापसंत, नाइलाज, नालायक अशी फारसीकडून आलेली 'ना'वाली माणसं आधीच घरात होती. त्यातलाच एक 'ना' काढून इंग्रजी पासला चिकटवला आणि नापास तयार. अर्धा फारसी, अर्धा इंग्रजी, आणि सगळा मराठी. फेल आपल्याकडं वाया गेला असं नाही. ब्रेक फेल होतात, हार्ट फेल होतं, ऐन वेळी प्लॅन फेल होतो. पोरगं मात्र नापासच होतं. ही वाटणी कोणी केली, कधी केली, कोणाच्या लक्षात आलं नाही, पण इतकी पक्की की आजही चुकत नाही.

दुसरी खोडी व्याकरणातली. परीक्षा आपण 'पास होतो'. 'पास करणारा' वेगळाच असतो. बिल पास करतो तो ट्रेझरीतला, ठराव पास करते ती सभा, गाडी पास करतो तो आरटीओ. म्हणून तर गाडी 'साताऱ्याच्या पासिंगची' असते. पूर्वी मुलगी बघायला आलेले लोक चहा-पोहे खाऊन जाताना 'मुलगी पास आहे' असं सांगून जायचे. हे वाक्य मी स्वतः ऐकलेलं आहे आणि आता आठवलं की लाज वाटते. मुद्दा असा की करणारा समोर बसलेला, आणि होणारा आपण. तसंच आपण पदवी घेत नाही, आपण पदवीच 'होतो'. 'काय झालाय मुलगा?' 'बी. ए. झालाय.' माझी थोरली आत्या सातवीची व्हर्नाक्युलर फायनल पास झालेली. गावात तिची ओळख 'फायनल झालेली' एवढीच होती. त्या परीक्षेवर मास्तरकी मिळायची, तलाठ्याचं काम मिळायचं. आत्याला काहीच मिळालं नाही, लग्न झालं. पण पोस्टकार्डावर सही करताना नावापुढं 'व्ह. फा.' लिहायची, शेवटपर्यंत. काका चेष्टा करायचे. ती लिहायचीच.

पास या शब्दाचं वजन काय होतं ते कळायला एक प्रसंग पुरे. १९०७-०८ च्या सुमारास एल्फिन्स्टन हायस्कूलमधून भीमराव आंबेडकर मॅट्रिक झाले. अस्पृश्य घरातला मुलगा मॅट्रिक झाला म्हणून मुंबईत सभा भरली. अध्यक्ष सीताराम केशव बोले. कृष्णराव अर्जुन केळुसकर गुरुजींनी स्वतः लिहिलेलं बुद्धचरित्र त्या मुलाला भेट दिलं. बी. ए. नाही, बॅरिस्टर नाही, नुसती मॅट्रिक. त्या एका पासमागं किती जणांना मुळात नदीपर्यंतच येऊ दिलेलं नव्हतं, हे त्या सभेला आलेल्यांना वेगळं सांगावं लागत नव्हतं. पुढं त्या पुस्तकानं काय झालं ते १९५६ मध्ये नागपूरला बौद्ध धम्माच्या दीक्षेत जगानं पाहिलं, आणि ते पुस्तक मॅट्रिकच्या बक्षिसातून हातात आलं.

मॅट्रिक तशी स्वातंत्र्यानंतर लवकरच गेली, एस. एस. सी. आली. पण घरात कोणी एस. एस. सी. म्हणत नसे. मी १९६३ मध्ये अकरावीला बसलो तेव्हा आई सगळ्यांना 'मॅट्रिकला आहे' असंच सांगायची. निकाल पेपरात यायचा, नुसते नंबर, बारीक टाइपात, ओळीमागून ओळी. पुण्याहून पेपर यायचा तो एस. टी. स्टँडवर, आणि गठ्ठा सुटायच्या आत दहाजण त्यावर पडलेले. माझा नंबर मला सापडेना. शेजारच्या मुलानं बोट ठेवून दाखवला. मी आधीच्याच पानावर शोधत होतो. पेढे आणायला वडिलांनी दोन रुपये दिले, त्यातले आठ आणे मी परत आणले म्हणून बोलणी खाल्ली.

मॅट्रिक हा शब्द कुठं टिकून राहिला असेल तर पासपोर्टात. आखाती देशात कामाला जाणाऱ्या पोरांचे आईबाप ऑफिसात यायचे, दहावीचा कागद पाहिजे म्हणून. मॅट्रिक पास असेल तर एमिग्रेशनची तपासणी लागत नाही, नसेल तर पासपोर्टावर तसा शेरा पडतो. गावात ज्या पोराला कोणी नापास म्हणून हिणवलं नसेल, त्याला विमानतळावर बरोबर आठवण करून देतात.

१९७५ चं वर्ष मात्र विसरता येत नाही. जुन्या अकरावीची शेवटची तुकडी आणि नव्या दहावीची पहिली, दोन्ही एकाच साली बाहेर पडल्या. दाखले दुप्पट, चुका दुप्पट, शिपायाच्या चकरा तिप्पट. कार्बन पेपर तालुक्यात मिळेना. त्याच सुमारास 'ऑक्टोबरचा वारकरी' हा शब्द मी पहिल्यांदा ऐकला, मार्चला राहिला की ऑक्टोबरला बसणाऱ्यासाठी. काहीजण खरोखर वारी केल्यासारखे दरवर्षी यायचे. फॉर्म भरून द्यायचे, चौकशी करायचे, चहा पाजायचे. त्यातला एक पुढं बाजार समितीवर निवडून आला आणि शाळेच्या गॅदरिंगला पाहुणा म्हणून आला. त्यानं भाषणात स्वतःच सांगितलं, मी सहावेळा कृष्णेत उतरलो आणि सहाव्यांदा काठ लागला. टाळ्या पडल्या.

अलीकडं सरकारनं नापास हा शब्दच काढून टाकायचा प्रयत्न केला. आधी २०१० पासून आठवीपर्यंत कोणाला मागं ठेवायचं नाही असा कायदा आला. मग दहावीच्या गुणपत्रिकेवर नापासऐवजी 'कौशल्य विकासास पात्र' असं छापलं. हेतू चांगलाच होता. पण गावात कोणी विचारलं, 'काय झालं पोराचं?' तर उत्तर येतं, 'पात्र झालाय,' आणि दोघेही हसतात. २०२३-२४ पासून पाचवी-आठवीला पुन्हा परीक्षेचं गाळणं लागलं. मला विचाराल तर शब्द बदलून काही होत नाही असं नाही, पण 'पात्र' हा शब्द तरी त्यासाठी वापरायला नको होता. चांगला शब्द वाया गेला.

माझ्या हातून एक घोटाळा झाला तो सांगतो. १९७९ ची गोष्ट. नववीला एकाच नावाची, एकाच आडनावाची दोन पोरं, वडिलांचं नाव तेवढं वेगळं. निकालपत्रकावरून प्रगतिपुस्तकं भरताना मी एकाचा शेरा दुसऱ्याला लिहिला. पास पोराला लाल शाईत नापास. पलीकडच्या काठावरचं गाव, घरची म्हसरं. बापानं काही विचारलं नाही, पोरगं शाळेतून काढलं आणि जूनमध्ये दाखला न्यायला आला. मी रजिस्टरलाही लिहून मोकळा झालो, 'इ. ९ वी नापास, पालकांच्या विनंतीवरून'. दाखल्यावर सही घ्यायला वर्गशिक्षकांकडं गेलो तर ते म्हणाले, अहो हा तर पास आहे, पंचावन्न टक्के.

मी परत आलो तेव्हा बाप टोपी हातात घेऊन बाकावर बसलेला. त्याला सांगितलं. वाटलं, आता शिव्या देणार. तो थोडा वेळ गप्प बसला आणि म्हणाला, "आवं साहेब, मग त्येवढा 'ना' काढा की."

रजिस्टरमध्ये खाडाखोड चालत नाही. नियम असा की चुकीच्या शब्दावर लाल शाईची एकच रेघ, शब्द वाचता आला पाहिजे, शेजारी मुख्याध्यापकांची सही आणि शिक्का. तसं केलं. पोरगं पुन्हा शाळेत आलं, दहावीत बसलं आणि पुढच्या वर्षी सुटलं.

मी रिटायर व्हायच्या आदल्या वर्षी त्याचा मुलगा ऑफिसात आला, बापाच्या नोंदीचा उतारा पाहिजे म्हणून. मी रजिस्टर काढून ठेवलं, त्यानं पान बघितलं आणि विचारलं, "ही रेघ कसली?"

"दुरुस्ती आहे," मी म्हटलं.

त्याला सही-शिक्क्याच्या उताऱ्याबरोबर पानाची झेरॉक्सही हवी होती. समोरच्या दुकानातून काढून आणली. झेरॉक्समध्ये रेघ काळी आली होती.