बॅरिस्टर अंतुले आणि आपण

महाराष्ट्राला आजवर एकच मुसलमान मुख्यमंत्री लाभला, तो म्हणजे बॅरिस्टर अब्दुल रहमान अंतुले. त्यांचा विषय निघाला की आपल्या समाजात दोनच सूर लागतात. एक अभिमानाचा आणि दुसरा, ‘मुसलमान होते म्हणून पाडले’ या तक्रारीचा. आम्हाला दोन्ही अपुरे वाटतात.

सावित्री नदीकाठच्या आंबेत गावी 1929 साली त्यांचा जन्म झाला. लंडनच्या लिंकन्स इनमधून ते बॅरिस्टर झाले, 1962 साली विधानसभेवर निवडून आले आणि पुढे काही वर्षे राज्यमंत्री होते. 1978 साली काँग्रेस फुटली तेव्हा राज्यातले भलेभले नेते इंदिराबाईंना सोडून गेले. अंतुले राहिले. 9 जून 1980 रोजी मुख्यमंत्रिपद आले ते या निष्ठेमुळे. त्यांच्या मागे ना साखर कारखाने होते, ना जातीची मोठी संख्या. दिल्लीची मर्जी हेच भांडवल. पुढचे सारे यातून समजते.

कारकीर्द जेमतेम दीड वर्षाची. पण निर्णयांचा धडाका असा की सचिवालयातल्या फायलींनाही धाप लागावी. कुलाबा जिल्ह्याचे नाव रायगड झाले. शिवछत्रपतींच्या राजधानीचे नाव जिल्ह्याला देणारा मुख्यमंत्री कोकणी मुसलमान होता, हे आपल्या मुलांना शाळेत कोणी सांगत नाही. निदान घरी तरी सांगावे. भवानी तलवार लंडनहून आणण्याची घोषणाही त्यांचीच, ती मात्र घोषणाच राहिली. 1 मे 1981 रोजी सिंधुदुर्ग आणि जालना हे नवे जिल्हे झाले. त्याच वर्षी औरंगाबादला उच्च न्यायालयाचे खंडपीठ सुरू झाले आणि मराठवाड्यातल्या पक्षकाराची मुंबईची फेरी वाचली.

आता सिमेंट. तेव्हा सिमेंटवर नियंत्रण होते, परवान्याशिवाय पोते मिळत नसे. इंदिरा गांधी प्रतिभा प्रतिष्ठानला देणगी देणाऱ्या बिल्डरांना सिमेंट मिळते, हे अरुण शौरी यांनी 1981 साली ‘इंडियन एक्स्प्रेस’मधून मांडले. जानेवारी 1982 मध्ये न्यायमूर्ती लेंटिन यांनी देणगी आणि सिमेंट यांचा संबंध मान्य केला आणि अंतुल्यांना पायउतार व्हावे लागले. त्या निकालात प्रश्न धर्माचा नव्हता, पोत्यांचा होता. हे आपण स्वच्छ मनाने मान्य करायला हवे.

पण पुढचा भागही तितकाच खरा. 1984 साली सर्वोच्च न्यायालयाने खटला विशेष न्यायालयातून काढून थेट उच्च न्यायालयाकडे दिला. अंतुले लढत राहिले. 1988 साली सात न्यायमूर्तींच्या पीठाने बहुमताने म्हटले की तो आदेश चुकीचा होता, त्याने आरोपीच्या हक्कांना बाध आला. सर्वोच्च न्यायालयाने आपलीच चूक दुरुस्त केली! वकिलीचे विद्यार्थी हा निकाल आजही अभ्यासतात.

राजकारणही संपले नाही. रायगडच्या मतदारांनी त्यांना लोकसभेवर पुन्हा पुन्हा पाठवले. 2006 साली केंद्रात अल्पसंख्याक खाते नव्याने निघाले, त्याचे पहिले मंत्री तेच.

आम्हाला मात्र मोठी वाटते ती 1980 सालची संजय गांधी निराधार अनुदान योजना. विधवा, अपंग, निराधार यांना सरकारने दरमहा पैसे द्यायचे. जात विचारायची नाही, धर्म विचारायचा नाही. ती अजून चालू आहे. तहसील कचेरीत अर्ज घेऊन उभ्या असलेल्या आपल्या मोहल्ल्यातल्या बाईला ती कोणी सुरू केली हे ठाऊक नसते, कारण योजनेला नाव दुसऱ्याचे आहे, आणि ते नावही अंतुल्यांनीच दिलेले.

2 डिसेंबर 2014 रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. दफन आंबेतला झाले.