मोठा ‘एल’ म्हणजे ळ

समजा, १९९४ साली तुम्ही कोल्हारला प्रवरेकाठी राहताय आणि मुलगा अमेरिकेत शिकतोय. तुमच्या हाती यायचं ते त्याचं एअरमेलचं पत्र. भारतात सर्वसामान्यांसाठी इंटरनेट आलं १५ ऑगस्ट १९९५ ला. तिकडची मराठी मुलं मात्र विद्यापीठांच्या संगणकांवरून आधीच एकमेकांना ईमेल करत होती. अडचण लिपीची. आस्की संकेतात जागा फक्त १२८, देवनागरीला थारा नाही. मग अविनाश चोपडे यांच्या आयट्रान्समध्ये मोठा ‘एल’ म्हणजे ळ, मोठा ‘एन’ म्हणजे ण झाला. माझी काळजी वेगळीच आहे. पत्रं ट्रंकेत सापडतात. ईमेल खात्याबरोबर जातात. तुमच्याकडे त्या काळातला एखादा छापलेला ईमेल असेल, तर रद्दीत घालू नका. तोही इतिहासच आहे.